गाढवाचा आवाज

मेद होन्दो यांचा चेहरा पाहण्याआधी दहा वर्षं मी त्यांचा आवाज ऐकत होतो. तोही एका गाढवाच्या तोंडून.

पुण्यात फ्रेंच शिकत होतो तेव्हाची गोष्ट. हौस वगैरे काही नव्हती. एका कंपनीत फ्रेंच ग्राहकांचे फोन घ्यायची नोकरी मिळत होती आणि साध्या बी.कॉम.पेक्षा फ्रेंच येणाऱ्या बी.कॉम.ला पगार जवळजवळ दुप्पट होता. आमच्या मॅडम म्हणायच्या, व्याकरण पुस्तकातून येईल, कान मात्र सिनेमातून तयार होईल. कथा आधीच माहीत असेल असा सिनेमा घ्या आणि फ्रेंचमध्ये पुन्हा पुन्हा बघा. मी 'श्रेक' घेतला. त्यातलं बडबडं गाढव इंग्रजीत एडी मर्फी बोलतो. फ्रेंचमध्ये ते जो कोणी बोलत होता, त्याने माझा जीव खाल्ला. इतक्या वेगात बोलायचा की चार शब्द पकडेपर्यंत चाळीस निसटून जायचे. पण ऐकत राहावंसं वाटायचं. घोगरा, थोडा फाटलेला, मध्येच लाडात येणारा, मध्येच रुसणारा आवाज. एकेक प्रसंग तीस-तीस वेळा मागे नेऊन मी त्या गाढवाकडून फ्रेंच शिकलो. आजही माझ्या फ्रेंचमध्ये थोडं गाढव आहे, असं माझी बायको म्हणते. तिला फ्रेंच येत नाही, तरी म्हणते.

नोकरी लागली. दुपारी साडेबारा ते रात्री साडेनऊ. पहिल्याच दिवशी आम्हाला सांगितलं गेलं की फोनवर खरं नाव सांगायचं नाही, एक फ्रेंच नाव निवडा. मी 'मातियू' झालो. शेजारच्या खुर्चीवरचा सांगलीचा मुलगा 'निकोला' झाला. यात मला अपमान वाटायला हवा होता, असं नंतर अनेकांनी सुनावलं. खरं सांगायचं तर त्या खोलीत मला जितकं मोकळं वाटलं तितकं क्वचितच कुठे वाटलं असेल. तिथे कोणालाच नाव नव्हतं. लिऑनची एखादी आजीबाई बिघडलेल्या मॉडेमवरून माझ्यावर ओरडायची ती मातियूवर ओरडायची आणि शेवटी धन्यवाद द्यायची तेही मातियूलाच.

मार्च २०१९ मध्ये फ्रेंच बातम्या चाळताना एका मृत्यूची बातमी दिसली. एडी मर्फीचा फ्रेंच आवाज गेला, अशा अर्थाचे मथळे होते. कुतूहलाने बातमी उघडली तर फोटोत एक वयस्क आफ्रिकी गृहस्थ. नाव मेद होन्दो. वय ८२. खाली लिहिलं होतं की ते दिग्दर्शकही होते. 'ही' हा शब्द तिथे होता. त्या एका अक्षरामागे काय दडलं आहे ते समजायला मला पुढचे कित्येक महिने लागले.

नावातलं 'मेद' म्हणजे मोहम्मद. उत्तर आफ्रिकेत मोहम्मदचं 'मेद' करायची सर्रास पद्धत आहे. आपल्याकडे शाळेच्या दाखल्यावर आणि रेशनकार्डावर 'मो.' करतात तसंच. जन्म ४ मे १९३६, मॉरिटानियातल्या आतारच्या परिसरात. आई मॉरिटानियाची, वडील सेनेगलचे. हा सगळा मुलूख तेव्हा फ्रान्सच्या ताब्यात. १९५४ मध्ये हा मुलगा मोरोक्कोच्या रबात शहरात गेला आणि हॉटेल व्यवसायाच्या शाळेत स्वयंपाक शिकला. १९५९ मध्ये फ्रान्सच्या मार्सेय बंदरात उतरला. हातात आचाऱ्याचं रीतसर शिक्षण होतं, पण त्या शिक्षणाचं काम क्वचितच मिळे आणि मिळालं तरी गोऱ्या आचाऱ्यापेक्षा कमी पगारावर. मग गोदीत हमाली, शेतावर मजुरी, हॉटेलात वेटर, घरोघर माल पोचवणं, जे पडेल ते. पुढे पॅरिस.

तो काळही ध्यानात घ्यायला हवा. अल्जीरियाचं स्वातंत्र्ययुद्ध पेटलेलं होतं. १७ ऑक्टोबर १९६१ रोजी पॅरिसच्या रस्त्यांवर शांतपणे निघालेल्या अल्जीरियन निदर्शकांवर पोलीस तुटून पडले, माणसं मारली, कित्येकांना सेन नदीत फेकलं. उत्तर आफ्रिकी चेहरा घेऊन रस्त्यावर चालणं हाच त्या दिवसांत गुन्हा होता. होन्दो तेव्हा पंचविशीतले.

याच दिवसांत ते फ्रांस्वाज रोझे या नामवंत अभिनेत्रीकडे नाटक शिकायला लागले. शेक्सपिअर, मोलिएर, रासीन, सगळं अभिजात केलं. शिकून झाल्यावर कळलं की शिकलेलं कुठे वापरायला मिळणार नाही. काळ्या नटाला रंगमंचावर काम म्हणजे नोकर, पहारेकरी किंवा रानटी माणूस. आचाऱ्याचं जे झालं तेच नटाचं. १९६६ मध्ये त्यांनी स्वतःचीच नाटक कंपनी काढली. नाव 'शँगो', योरुबा लोकांच्या मेघगर्जनेच्या देवाचं. आफ्रिकी आणि कॅरिबियन लेखकांची नाटकं ही मंडळी करू लागली. एमे सेझेर यांच्यासारखे लेखक. प्रेक्षक थोडे, पैसे त्याहून थोडे. जोडीला सिनेमात किरकोळ कामं चालू होती. कोस्ता-गाव्रास यांच्या १९६७ च्या एका चित्रपटात, मग जॉन ह्यूस्टन यांच्या 'अ वॉक विथ लव्ह अँड डेथ'मध्ये. त्या सेटवर ते नुसते आपल्या वेळेची वाट पाहत बसत नसत. कॅमेरा कुठे लावतात, दिवे कसे पाडतात, हे बघत असत. सिनेमाची शाळा त्यांना तेवढीच मिळाली.

आणि मग 'सोलेय ओ'. म्हणजे 'हे सूर्या'. दाहोमेहून गुलाम म्हणून कॅरिबियन बेटांवर नेलेल्या लोकांच्या एका गाण्यावरून हे नाव घेतलं आहे. कृष्णधवल चित्रपट. खर्च तीस हजार डॉलरच्या आसपास, तोही एकदम नव्हे, जसे पैसे येतील तसा. नट म्हणजे नाटकातलेच मित्र. सवड मिळेल तेव्हा शूटिंग, असं काही वर्षं चाललं. १९७० मध्ये कान महोत्सवातल्या क्रिटिक्स वीकमध्ये तो दाखवला गेला आणि त्याच वर्षी लोकार्नोला त्याला 'गोल्डन लेपर्ड' मिळाला.

मी तो लॅपटॉपवर पाहिला, रात्री घरचे झोपल्यावर, हेडफोन लावून. एक शिकलेला आफ्रिकी हिशेबनीस पॅरिसला येतो. रोबेर लिऑन्सोल या नटाने हे काम केलं आहे. चित्रपटभर त्याला नाव नाही. तो आनंदाने आला आहे, कारण शाळेत त्याला शिकवलं होतं की फ्रान्स त्याचंच आहे. मग तो काम शोधतो, खोली शोधतो. दारं उघडतात, चेहरा दिसतो, दारं बंद होतात. एका प्रसंगात तो एका गोऱ्या बाईबरोबर शाँज-एलिझेवरून चालत जातो आणि रस्त्यावरचे लोक वळून वळून बघतात. त्यांच्या त्या नजरांवर होन्दोंनी खुराड्यातल्या कोंबड्या-बदकांचे आवाज टाकले आहेत. मला हसू आलं आणि लगेच थांबलंही.

इथे माझी एक गोष्ट सांगतो. ती होन्दोंच्या गोष्टीएवढी मोठी नाही, हे मला ठाऊक आहे.

लग्न ठरल्यावर मी ऑफिसजवळ भाड्याने घर शोधत होतो. एका जाहिरातीवर फोन केला. काका फार छान बोलले. गाव विचारलं, मी अंबाजोगाई सांगितलं. तेही मराठवाड्यातले निघाले. मुकुंदराज, दासोपंत, योगेश्वरीचं देऊळ, तिथल्या पावसाची रड, असं वीस मिनिटं बोलणं झालं. म्हणाले, "तुमच्यासारखी आपली माणसं मिळत नाहीत हो आता. उद्याच या, चहाला." दुसऱ्या दिवशी गेलो. दारात नाव सांगितलं. काका वाईट वागले नाहीत. आत बोलावलं, पाणी दिलं. मग म्हणाले की सोसायटीचं जरा बघावं लागेल, मुलगाही अमेरिकेहून फोन करणार आहे, कळवतो. चहा राहूनच गेला. निघताना मात्र मनापासून म्हणाले, "पण मराठी काय सुरेख बोलता हो तुम्ही. अजिबात वाटत नाही."

हे वाक्य या मुलुखातल्या कोणत्याही मराठी मुसलमानाला तोंडपाठ असतं. आमच्या अब्बांना ते पन्नास वर्षं ऐकू आलं. मी ते इथे गाऱ्हाणं म्हणून लिहीत नाही. पण हेडफोन लावून 'सोलेय ओ' बघताना मला त्या जिन्याच्या पायऱ्या आठवल्या, आणि आवाज व माणूस किती सहज वेगळे काढता येतात ते पहिल्यांदा नीट दिसलं. काकांना माझा आवाज हवा होता. त्यांनी त्याला उद्या चहाला बोलावलंच होतं.

आता त्या गाढवाकडे वळतो.

फ्रान्समध्ये परदेशी चित्रपट दोन तऱ्हांनी दाखवतात. एक मूळ भाषेत, खाली अक्षरं टाकून. दुसरा फ्रेंच आवाजात. मोठ्या शहरांतले चोखंदळ लोक पहिला बघतात, बाकीचा देश आणि सगळी पोरंटोरं दुसरा. एखाद्या हॉलिवूड नटाला बहुधा एकच फ्रेंच आवाज वर्षानुवर्षं सांभाळतो. प्रेक्षकांच्या लेखी तोच त्या नटाचा आवाज. (आपल्याकडे 'पुष्पा'च्या हिंदी रूपात अल्लू अर्जुनसाठी आपला श्रेयस तळपदे बोलला, तेव्हा लोकांना हे थोडंफार कळलं.) डबिंगची फ्रेंच रीतही पाहण्यासारखी आहे. पडद्यावर चित्राच्या खाली एक पट्टी सरकत असते, तिच्यावर संवाद लिहिलेले. अक्षरंसुद्धा ओठांच्या मापाने लिहायची. नट लांबण लावत असेल तर अक्षर ताणलेलं, घाईत असेल तर आवळलेलं. पट्टीवर एक उभी रेघ असते. शब्द त्या रेघेला भिडला की तोंडातून निघाला पाहिजे. एका डोळ्याने वाचायचं, दुसऱ्याने पडद्यावरच्या माणसाचं मन ओळखायचं. नुसत्या वाचणाऱ्याचं हे काम नाही. रासीनची लांबच लांब भाषणं पाठ केलेल्या नटालाच ते साधावं.

होन्दोंनी हे काम अनेक वर्षं केलं. एडी मर्फी तर त्यांचाच. 'द नटी प्रोफेसर', 'डॉक्टर डूलिटल', आणि २००१ पासून 'श्रेक'च्या चारही भागांतलं गाढव. डिस्नेच्या 'लायन किंग'मधला रफिकीही फ्रेंचमध्ये तेच बोलले. टेकाडावर उभा राहून नव्या राजपुत्राला उंच धरणारा तो म्हातारा माकड. फ्रान्समध्ये नव्वदच्या दशकात वाढलेल्या मुलांपैकी हा आवाज न ऐकलेलं मूल सापडणं कठीण.

या कमाईतून ते स्वतःचे चित्रपट काढत. हे त्यांनी कधी लपवलं नाही. डबिंग हा पोटाचा धंदा होता आणि पोट भरून जे उरे ते कॅमेऱ्यात जाई. त्यांच्या कामांची यादी मी इथे देत बसत नाही, पण दोन चित्रपटांबद्दल बोलायलाच हवं.

पहिला 'वेस्ट इंडीज', १९७९ चा. पॅरिसमधल्या सित्रोएन मोटारींच्या एका बंद कारखान्यात होन्दोंनी गुलामांची वाहतूक करणारं अख्खं जहाज उभारलं आणि त्या एका जहाजावर कित्येक शतकांचा इतिहास नाचत-गात दाखवला. खालच्या तळात साखळदंडातली माणसं, वरच्या मजल्यावर मालक, मध्ये मालकांना सामील झालेले आपलेच लोक. संगीतिकाच म्हणायची. जागा मोटारीच्या कारखान्याची, हे मला फार आवडतं. अशाच कारखान्यांत राबायला साठच्या दशकात आफ्रिकेतून आणि मग्रेबमधून माणसं आणली गेली होती. होन्दोंनी ते तोंडाने सांगितलं नाही, फक्त जहाज तिथे बांधलं.

दुसरा 'सारौनिया', १९८६ चा. हा मला सगळ्यांत जवळचा, आणि सगळ्यांत अवघडही. १८९९ मध्ये वूले आणि शानुआन नावाचे दोन फ्रेंच कप्तान फौज घेऊन आजच्या नायजरमधून चाडकडे निघाले. वाटेत गावंच्या गावं जाळली, कत्तली केल्या. इतक्या की पॅरिसलाही लाज वाटली आणि त्यांना आवरायला क्लोब नावाचा कर्नल पाठवावा लागला. वूलेने त्या कर्नललाच मारवलं. पुढे दोघा कप्तानांना त्यांच्याच आफ्रिकी शिपायांनी संपवलं. या फौजेच्या वाटेत अझना लोकांची राणी सारौनिया उभी राहिली होती. नायजरचे लेखक अब्दुलाय ममानी यांनी तिच्यावर कादंबरी लिहिली, तिच्यावरून हा चित्रपट. शूटिंग नायजरमध्ये जमलं नाही. शेवटी तोमास सांकारांच्या बुर्किना फासोने हात दिला. राणीचं काम आई केइता या बाईंनी केलं आहे. ती घोड्यावर बसून माळावर येते तेव्हा मला, का कोण जाणे, चांदबिबीचं शाळेच्या पुस्तकातलं चित्र आठवलं.

अवघड यासाठी की सारौनिया मुसलमान नव्हती. तिचे लोक आपल्या जुन्या दैवतांना धरून होते, आणि फ्रेंच येण्याआधी शेजारच्या मुसलमान सत्तांनीही त्यांना वाकवायचा प्रयत्न केला होता. होन्दोंनी हे झाकलेलं नाही. फ्रेंचांना घाबरून वाट करून देणारे, सारौनियाची काटली म्हणून मनात सुखावणारे मुसलमान सरदार या चित्रपटात आहेत. नावात मोहम्मद असलेल्या दिग्दर्शकाने आपल्या सर्वांत मोठ्या चित्रपटाची नायिका अशी निवडली. आमच्या एका मित्राला हे खटकलं. म्हणाला, आधीच जग आपल्यावर तुटून पडलंय, त्यात घरचं कशाला काढायचं. मला वाटतं, घरचं काढायची तयारी असल्यामुळेच होन्दोंना बाहेरच्यांवर बोट रोखता आलं. यावर आमचं अजून एकमत झालेलं नाही.

१९८७ मध्ये उआगादुगूच्या 'फेस्पाको' महोत्सवात, आफ्रिकी चित्रपटांच्या सर्वांत मोठ्या जत्रेत, 'सारौनिया'ला पहिला मान मिळाला. आणि फ्रान्समध्ये? मोजकी थिएटरं, थोडे दिवस, मग गायब. ज्या देशाच्या इतिहासाचं ते पान होतं त्या देशाने ते वाचलंच नाही.

१९९४ साल मला पुन्हा पुन्हा आठवतं. त्या वर्षी होन्दोंचा 'ल्युमिएर न्वार' आला, म्हणजे 'काळा उजेड'. दिदिए डेनिंक्स यांच्या कादंबरीवरचा. पोलिसांच्या गोळीने एक माणूस मरतो. ते पाहणारा साक्षीदार मालीचा एक स्थलांतरित असतो, आणि त्याला इतर अनेकांबरोबर विमानात कोंबून देशाबाहेर पाठवलं जातं. हे हवेतलं नव्हतं. १९८६ मध्ये फ्रान्सने १०१ मालियनांना खरोखरच एका खास विमानात भरून परत धाडलं होतं. हा चित्रपट फार कोणी पाहिला नाही. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात 'लायन किंग' फ्रान्सभर लागला. थिएटरं तुडुंब, आणि रफिकीच्या प्रत्येक वाक्याला मुलं खिदळत होती. एकाच वर्षी, एकाच माणसाच्या एकाच गळ्याला देशाने घरात घेतलं आणि दारातही थांबवलं.

या दोन गोष्टींनी होन्दोंना कडवट केलं असेल असं मला वाटायचं. पण त्यांचं गाढव ऐका. तो आवाज वेठीला धरलेल्या माणसाचा नाही. त्यात मजा आहे, खोड्या आहेत. पोटासाठी केलेलं काम त्यांनी पाट्या टाकल्यासारखं केलं नाही. मातियू म्हणून फोन घेताना मीही ते वाईट करत नसे, त्यामुळे मला हे थोडं कळतं. आपल्या नावाने नसलेलं कामसुद्धा आपल्याच घशातून निघतं.

२०१७ मध्ये 'सोलेय ओ'ची प्रत नव्याने दुरुस्त करून घेतली गेली, मार्टिन स्कोर्सेसी यांच्या फिल्म फाउंडेशनच्या पुढाकाराने, बोलोन्यातल्या प्रयोगशाळेत. होन्दो तेव्हा हयात होते. म्हणजे एवढं तरी त्यांना पाहायला मिळालं. २ मार्च २०१९ रोजी पॅरिसमध्ये ते गेले, आणि मथळे आले ते एडी मर्फीच्या नावाने.

मी ती कंपनी सोडून बरीच वर्षं झाली. फ्रेंच आता भाषांतरापुरतं उरलं आहे. गेल्या रमजानच्या सुट्टीत बहिणीची मुलगी आली होती, सात वर्षांची. तिला मी 'श्रेक' फ्रेंचमध्येच लावून दिला, उगीच, गंमत म्हणून. तिला एक शब्द कळत नव्हता, तरी गाढव बोललं की हसायची. मध्येच म्हणाली, "मामू, हा कोण बोलतोय?" मी लॅपटॉपवर होन्दोंचा फोटो काढून दाखवला. पांढरे केस, जाड भुवया, कॅमेऱ्याकडे रोखून पाहणारे डोळे. तिने फोटो पाहिला, पडद्याकडे पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला.

"हे तर आपल्या मोठ्या नानांसारखे दिसतात," ती म्हणाली. आणि मग, "परत लाव ना, मागून."